दुरुस्ती चालू आहे, वापरू नये

मंगळवार, ४

आजपासून नोंदी. लिफ्टच्या दुरुस्तीत उभा जन्म गेला, त्यामुळे बिघाड दिसला की लिहून काढायची खोड आहे. एका वेळी एकच बदल करायचा आणि केला की लिहायचा. नाहीतर शेवटी कशानं काय झालं ते ब्रह्मदेवालाही सांगता येत नाही.

बिघाड असा: आमच्या कॉम्प्युटरला स्वतःचाच सीडी ड्राइव्ह दिसत नाही. बटण दाबलं की ट्रे ऐटीत बाहेर येतो, हिरवा दिवा लागतो, सीडी ठेवली की आत गुरगुरतं. म्हणजे तब्येत ठणठणीत. पण स्क्रीनवर ड्राइव्हचं नामोनिशाण नाही. पोटात काहीतरी फिरतंय आणि डोक्याला पत्ता नाही, असला कारभार.

ड्राइव्ह हवाय तो बायकोच्या जुन्या स्कॅनसाठी. काही वर्षांपूर्वी तिचं पोट दुखलं होतं तेव्हा काढलेला. त्यात डाव्या किडनीवर एक ठिपका दिसला होता आणि ‘लक्ष ठेवा’ म्हणून सगळे मोकळे झाले होते. आताच्या स्कॅनमध्येही तो आहेच. डॉक्टरांना दोन्ही स्कॅन शेजारीशेजारी ठेवून बघायचेत. ठिपका तेवढाच असेल तर थांबायचं, वाढला असेल तर ऑपरेशन. जुना स्कॅन त्या एका सीडीवर, आमच्या कपाटात. ज्या सेंटरनं तो काढला तिथे आता चपला-बुटांचं दुकान आहे.

डॉक्टरांनी सीडी हातात घेतली, उलटसुलट पाहिली. मग आपला कागदासारखा पातळ लॅपटॉप चारही बाजूंनी पाहिला आणि म्हणाले, “याला भोकच नाहीये हो. घरून पेनड्राइव्हवर घालून आणा. पुढच्या बुधवारी या.”

इतकी वर्षं शिकून माणूस इथवर पोचतो.

मी म्हटलं, “अर्ध्या तासाचं काम आहे.”

बायकोनं सीडी परत पाकिटात घातली. तिला माझे अर्धे तास माहीत आहेत.

बुधवार, ५

अर्धा तास काल संपला.

कॉम्प्युटरमध्ये डिव्हाइस मॅनेजर नावाची एक जागा असते. तिथे सगळ्या भागांची हजेरी लागते. आमचा ड्राइव्ह तिथे आहे, पण नावाशेजारी पिवळा त्रिकोण आणि त्यात उद्गारचिन्ह. क्लिक केलं तर खुलासा असा: ड्रायव्हर लोड करता येत नाही, तो खराब झाला असावा किंवा हरवला असावा. कोड ३९. ड्रायव्हर म्हणजे कॉम्प्युटरला ‘हा आपला ड्राइव्ह बरं का’ अशी ओळख करून देणारा छोटा प्रोग्रॅम. खराब की हरवला, हे मात्र साहेबांना ठाऊक नाही. आमच्या खात्यात असा रिपोर्ट दिला असता तर मी तो तोंडावर फेकला असता.

पेटी उघडली. धूळ पुसली. ड्राइव्हची केबल काढून परत घट्ट बसवली. फरक शून्य. दुसरी केबल लावली. फरक शून्य.

निवृत्त होताना कामावरची पिवळी पत्र्याची पाटी मी घरी आणली होती, ती आज मॉनिटरच्या मानेला दोरीनं अडकवली: ‘दुरुस्ती चालू आहे, वापरू नये.’ आमचा नियम साधा होता. जो पाटी लावतो त्यानंच ती काढायची. वरिष्ठ असो की मालक, दुसऱ्यानं हात लावायचा नाही, कारण आत माणूस काम करत असतो.

बायकोनं पाटी वाचली. म्हणाली, “मला फक्त विजेचं बिल भरायचं होतं.”

“पाटी बघ.”

“बघितली. दिवे गेले की आणखी चांगली दिसेल.”

शुक्रवार, ७

कंपनीच्या मदतकेंद्राला फोन केला. बराच वेळ बासरी ऐकवली. मग एक मुलगी आली. आवाज असा गोड, की पुढे काही उपयोग होणार नाही हे तेव्हाच कळलं.

“सर, कॉम्प्युटर एकदा बंद करून चालू केला का?”

“केला.”

“पुन्हा एकदा करूया का, सर?”

केला. तिलाही बरं वाटलं. मग ती म्हणाली, “सर, ड्राइव्हबरोबर बॉक्समध्ये एक सीडी आली असेल. त्यात ड्रायव्हर आहे. ती सीडी ड्राइव्हमध्ये घालायची.”

मी म्हटलं, “ड्राइव्ह चालत नाही म्हणून फोन केलाय.”

“हो सर. ते ठीक करायला ती सीडी आहे.”

“ती घालायची कशात?”

“ड्राइव्हमध्ये, सर.”

विहिरीत पडलेल्या माणसाला काढायचा दोर विहिरीच्या तळाशी ठेवणारी ही माणसं. दर महिन्याला पगार घेत असतील, आणि वेळेवर.

स्वयंपाकघरातून बायको हसत होती. नंतर म्हणाली, “दादाकडे चालू कॉम्प्युटर आहे. त्याला सांगू का?”

मी म्हटलं, “घरातला बिघाड दारोदार न्यायचा नसतो.”

शनिवार, ८

न सांगता मेहुणा हजर. म्हणजे कोणी सांगितलं ते उघड आहे. आमच्या या मेहुण्याला मी मनातल्या मनात सर्वज्ञ म्हणतो. बँकेत होता, पण त्याला न कळणारा विषय अजून निघायचाय. येताना त्यानं एक बाहेरून जोडायचा ड्राइव्ह आणला होता. वहीएवढा, चपटा.

“भाऊजी, हा नुसता यूएसबीत खुपसायचा. दोन मिनिटांचं काम. झालं की मी घेऊन जातो.”

मी तो हातात घेऊन नीट तपासला. वायर फारच आखूड आहे. शिवाय बाहेरचं यंत्र जोडून आतला बिघाड झाकणं याला दुरुस्ती म्हणत नाहीत. तसं त्याला स्पष्ट सांगितलं.

तो म्हणाला, “वायर आखूड आहे म्हणजे? तुम्हाला काय तो घेऊन फिरायला जायचंय का?”

मी पाटीकडे बोट दाखवलं. त्यानं बहिणीकडे पाहिलं, बहिणीनं त्याच्याकडे. भावाबहिणींची ही नजरानजर मला पहिल्यापासून खटकते. चहा पिऊन गेला. ड्राइव्ह घेऊन गेला, हे बरं झालं.

सोमवार, १०

सापडला! ही नोंद ठळक अक्षरांत हवी.

लेक पूर्वी सीड्या बनवायचा एक प्रोग्रॅम वापरायची. तो कधीच काढून टाकला, पण जाताना त्यानं सिस्टिमच्या मुळाशी, ज्याला रजिस्ट्री म्हणतात तिथे, आपली दोन माणसं मागे ठेवली होती. अपर फिल्टर आणि लोअर फिल्टर. कॉम्प्युटर ड्राइव्हकडे जायला निघाला की हे दोघे वाटेत उभे, “आधी आमच्या साहेबांना विचारा.” आणि साहेब तर घर सोडून गेलेले! आधी रजिस्ट्रीची प्रत काढून ठेवली, मग दोन्ही नोंदी पुसल्या, कॉम्प्युटर परत चालू केला. पिवळा त्रिकोण गायब. ड्राइव्ह जागेवर. जुन्या गाण्यांची सीडी घातली, ती खणखणीत वाजली.

बायको हात पुसत आली. “झालं? मग माझी घाला ना.”

हातात तिच्या स्कॅनचं पाकीट होतंच. कपाटातून कधी काढलं कोण जाणे.

मी तिला समजावलं. लिफ्ट दुरुस्त झाली म्हणून लगेच माणसं चढवत नाहीत. आधी रिकामी फिरवायची, मग वजनं टाकून फिरवायची, मग माणसं. तिची सीडी एकुलती एक आहे. तिच्यावर प्रयोग करणारा माणूस या घरात नाही.

“वजनं कुठून आणणार?”

“घरात पुष्कळ सीड्या आहेत.”

“परवा बुधवार आहे,” ती म्हणाली. मग पाकीट टेबलावर ठेवून आत गेली. पाटी तशीच ठेवली आहे. चाचणी संपेपर्यंत काढायची नसते.

मंगळवार, ११

दिवसभर वजनं टाकली. गाण्यांच्या सीड्या, लेकीच्या शाळेच्या स्नेहसंमेलनाची, इंग्रजी महिन्याभरात शिकवणारी (कोरी करकरीत आहे), कुणीतरी भेट दिलेली योगासनांची. ड्राइव्हनं सगळ्या बिनतक्रार वाचल्या. संशय यावा इतक्या बिनतक्रार.

दुपारी एक विचार आला. आमच्या क्षेत्रात बिघाड परत निर्माण करून दाखवल्याशिवाय निदान पक्कं धरत नाहीत. म्हणून तो सीड्या बनवायचा जुना प्रोग्रॅम शोधून परत घातला. पिवळा त्रिकोण लगेच परत. ड्राइव्ह गायब. म्हणजे माझं निदान शंभर टक्के बरोबर होतं. मोठं समाधान वाटलं.

आता मात्र त्या नोंदी पुसूनही ड्राइव्ह परत येत नाहीये. प्रोग्रॅमनं या खेपेस आणखी कुठेतरी पाय पसरलेत.

बायको दारात उभी होती. किती वेळ, माहीत नाही.

“चालू झालं होतं ना?”

“झालं होतं. पण खात्री नव्हती.”

“मग आता झाली का खात्री?”

तिच्या बोलण्यात कुत्सितपणा असतो तेव्हा तो मला लगेच कळतो. आज नव्हता. म्हणून जरा चुकल्यासारखं वाटलं.

गुरुवार, १३

काल डॉक्टरांकडे जायचं होतं. सकाळीच तिनं सांगितलं, “डॉक्टर बाहेरगावी गेलेत. पुढचं कळवतील.” हे डॉक्टर लोक भलतेच फिरतात. पण खोटं कशाला लिहू, ऐकल्याबरोबर छातीवरचा दगड उतरला. म्हणजे कामाला वेळ मिळाला, या अर्थानं.

दुपारभर ती भावाकडे होती. मी ड्राइव्हची नोंद दोनदा काढली, दोनदा घातली. संध्याकाळी ती आली तेव्हा थकलेली दिसली. सर्वज्ञासमोर दुपार काढली की कोणीही थकेल.

आज तिनं भलतंच आरंभलं. मी रजिस्ट्रीत गळ्यापर्यंत बुडालेलो असताना मला हाताला धरून कपड्यांच्या मशीनसमोर उभं केलं.

“हे बटण पांढऱ्यांना. हे रंगीतांना. पावडर या कप्प्यात, त्या नाही.”

“मला कशाला?”

“उगाच. माहीत असावं.”

मग गॅसचा नंबर कुठे लिहिलाय, तिच्या गोळ्या कुठल्या डब्यात, भाताला पाणी किती, हे सगळं. एका वेळी एकच बदल, हा माझा नियम तिला सांगितला. ती म्हणाली, “म्हणूनच एकेक दाखवतेय.”

निवृत्तीनंतर नवऱ्याला कामाला लावायचं, असं बायकांचं आपसात ठरलेलं असावं.

शनिवार, १५

पहाटेच कुठेतरी जाऊन आली, चहासुद्धा न घेता. बाही वर सरकली तेव्हा कोपराच्या आत चिकटपट्टी दिसली. विचारलं तर म्हणाली, “खरचटलं.” कोपराच्या आत कसं खरचटतं ते विचारणार होतो, तेवढ्यात इन्स्टॉलेशन अर्ध्यावर अडकलं.

लेकीचा फोन आला. एरवी तिला माझ्याशी बोलायला वेळ नसतो. “बाबा, जेवताय ना? झोपताय ना? मी बुधवारी येतेय, चार दिवस राहीन.” म्हटलं, का गं, अचानक? “अशीच. आठवण आली.” आईनं फोन घेतला आणि दोघी बाल्कनीत जाऊन हळू आवाजात बोलल्या. माझ्या कॉम्प्युटरबद्दलच असणार. घरात सध्या दुसरा विषय नाही.

सोमवार, १७

दुपारी ड्राइव्ह परत आला. या वेळी जुना प्रोग्रॅम मुळासकट उपटला, उरलेल्या नोंदी पुसल्या, कॉम्प्युटरला त्याचा स्वतःचा ड्रायव्हर परत शोधायला लावला. गाण्यांची सीडी वाजली. मी योगासनांची शोधायला उठलो, तर बायको स्वयंपाकघरातली खुर्ची घेऊन माझ्या शेजारी येऊन बसली. हातात पाकीट.

“पाटी काढा,” म्हणाली.

“अजून वजनं—”

“अहो, पुरे झाली वजनं. मी चढते आता.”

नियमाप्रमाणे तिनं पाटीला हात लावला नाही. मी काढेपर्यंत नुसती बसून राहिली. मी काढली. सीडी ट्रेवर ठेवली. इथे जे घडलं ते घडलं तसं लिहितो: सीडी आत फिरायला लागली तेव्हा मी मनात म्हणत होतो की त्रिकोण येऊ दे. कोड ३९ येऊ दे. खराब असू दे, हरवलेला असू दे, काहीही असू दे.

ती उघडली. ड्राइव्हनं अगदी आज्ञाधारकपणे उघडली. करड्या चित्रांच्या ओळीच ओळी. मला त्यातलं ओ की ठो कळेना. मी उगाच वरखाली करत बसलो.

“एवढ्या चित्रांत तो कुठला, कोण जाणे,” मी म्हटलं.

“तिसरी ओळ,” ती म्हणाली. “मधलं. नाही, त्याच्या शेजारचं. हां, मोठं करा.” आणि स्क्रीनवर बोट ठेवलं. “हा. बघा. तेव्हा वाटाण्याएवढा होता.”

मी विचारलं, “तुला कसं माहीत?”

बोट तिथेच होतं.

“मागच्या मंगळवारी सकाळी तुम्ही अंघोळीला गेलात तेव्हा सीडी दादाकडे दिली. त्या आखूड वायरीवर दोन मिनिटांत झालं. बुधवारी आम्ही दोघं डॉक्टरांकडे गेलो. त्यांनी दोन्ही शेजारी ठेवून दाखवलं. आता लिंबाएवढा आहे. गुरुवारी ऑपरेशन.”

“आणि सीडी मग परत पाकिटात?”

“परत ठेवली. तुमचं काम चालू होतं ना.”

मला राग आला. खूप आला. सर्वज्ञाचा आला, डॉक्टरांचा आला, त्या बासरीवाल्या मुलीचासुद्धा आला. मी मोठ्यानं म्हटलं, “मला सांगायचं नाही? मी कोण आहे या घरात?”

“दुपारी चालू झालेलं यंत्र तुम्ही दुसऱ्या दिवशी हातानं बिघडवलंत,” ती म्हणाली. “मी दारात उभी होते. तेव्हाच म्हटलं, यांना थोडे दिवस देऊ.”

तिनं माउस माझ्या हातातून काढून घेतला आणि चित्र बंद केलं. मी रडलो. नोंद करून ठेवतो. तिनं खुर्ची आणखी जवळ ओढली.

बुधवार, १९

लेक आली. तिलाही सगळं माहीत होतं. घरात फक्त मला आणि कॉम्प्युटरला माहीत नव्हतं, आणि त्याला माझ्या आधी कळलं असतं, मी मध्ये आलो नसतो तर.

मेहुणा संध्याकाळी आला. मी त्याला म्हटलं, “वायर पुरेशी लांब आहे.” तो म्हणाला, “भाऊजी, तुम्ही चहा घ्या.” माणूस तसा बरा आहे. बोलतो जास्त.

बॅग भरताना बायको मला म्हणाली, “पूर्ण किडनी काढावी लागेल म्हणतात. दोन असतात, एक पुरते.” सहज म्हणाली, पण पदराचं टोक बोटाला गुंडाळत होती. तिला भीती वाटते तेव्हा ती हे करते. इतके दिवस ते टोक किती गुंडाळलं गेलं असेल, मी एकदाही मान वर करून पाहिलं नाही.

मी तिला दोरांचं सांगितलं. लिफ्ट कधी एका दोरावर टांगत नाहीत, अनेक असतात. पण बसवताना हिशोब असा करतात, की त्यातला कुठलाही एकटा राहिला तरी सगळा भार पेलेल. एक तुटला म्हणून लिफ्ट खाली आली असं माझ्या उभ्या नोकरीत झालं नाही.

“खरं सांगताय?”

“यात मी खोटं बोलत नाही. बाकी कशात बोलत असेन.”

तिनं पदर सोडला. मग माझ्या खोलीत गेली आणि काहीतरी आणून बॅगेत कपड्यांखाली घातलं. मी विचारलं नाही. विचारायचं नाही हे थोडं उशिरा शिकलो.

गुरुवार, २०

हॉस्पिटल. भिंती फिक्या हिरव्या, खुर्च्या मुद्दाम टोचतील अशा बनवलेल्या. सकाळी तिला गाऊन दिला. ती चाकाच्या कॉटवर आडवी झाली आणि म्हणाली, “बॅगेत खाली हात घाला.”

पाटी. पिवळी, पत्र्याची, दोरीसकट.

“लावा,” म्हणाली.

मी कॉटच्या पायाकडच्या दांड्याला बांधली. दुरुस्ती चालू आहे, वापरू नये. नर्सनं वाचली, लेकीकडे पाहिलं, आणि मग हसायचं की ओरडायचं हे तिला ठरवता येईना.

“आता नियम सांगा,” बायको म्हणाली.

“जो लावतो, त्यानंच काढायची.”

“मग इथेच थांबायचं. कुठं घरी जाऊन रजिस्ट्री पुसत बसू नका.”

तिला आत नेलं. ऑपरेशन थिएटरच्या दारात पाटी सोडवून नर्सनं ती माझ्या हातात दिली, आत चालत नाही म्हणून. म्हटलं, “काढली नाही हं. सांभाळायला घेतलीय.” ती म्हणाली, “बरं, आजोबा.”

बाहेर बसलो. माझ्या हातात काही करण्यासारखं नव्हतं. एकही स्क्रू नव्हता, एकही बटण नव्हतं. मला भयंकर भीती वाटत होती आणि या खेपेस तिला दुसरं नाव द्यायला जवळ कॉम्प्युटर नव्हता. मेहुणा शेजारी बसला होता. तो सर्वज्ञ, पण गप्प होता. मी त्याचा हात धरला. पहिल्यांदाच.

डॉक्टर बाहेर आले तेव्हा आधी मास्क काढला, मग म्हणाले, “व्यवस्थित झालं. सगळं एकत्र निघालं, पसरलेलं दिसत नाही. तपासणीचा रिपोर्ट यायचाय.”

त्यांच्या लॅपटॉपला भोक नाही, याबद्दल मी त्यांना माफ केलं.

शनिवार, २२

काल शुद्धीवर होती, पण बोलायला फारसं जमत नव्हतं. पाटी मी परत कॉटला बांधली होती. संध्याकाळी तिनं डोळे उघडले, पाटी पाहिली, आणि फार हळू म्हणाली, “चाचणीशिवाय काढू नका.”

आज नर्सनं तिला उठवून बसवलं, मग उभं केलं. लेक एका बाजूला, मी दुसऱ्या. खिडकीपर्यंत गेली. वाटेत दोनदा थांबली, दुखत होतं, मला शिव्या दिल्या, नर्सला दिल्या नाहीत. खिडकीशी उभी राहून खाली रस्त्याकडे पाहिलं. म्हणाली, “रिकामी फिरली. आता परत घेऊन चला.”

परत आली. बसली. श्वास लागला होता, मग सावकाश उतरला.

“बघा, नीट झालीय का. नाहीतर तुम्हाला परत बिघडवावीशी वाटेल.”

“नाही वाटणार.”

“मग काढा.”

रिपोर्ट यायचाय अजून. आला की दोघं मिळून वाचणार आहोत, पहिल्या ओळीपासून. दोरीची गाठ मीच मारली होती, तरी सुटायला वेळ लागला. पाटी काढली.